अज्ञात कारागीर, उत्तर भारत

हनीफ, त्या इमारतीचं नाव मी इथं लिहिणार नाही. त्या साहेबाचंही लिहिणार नाही. त्यांनी तुझं नाव भिंतीवर लावलं नाही, मी त्यांची नावं कागदावर उतरवत नाही. राजधानीतली एक जुनी सरकारी कचेरी, इंग्रजांनी बांधलेली, उंच खांबांची, पुढं देशाचं म्युझियम झालेली. वाचणाऱ्यानं एवढ्यावरच समजून घ्यावं.

तुला जाऊन महिना होत आला. अजून तुझ्या चाळिसाव्या दिवसाचा फातिहा व्हायचा आहे. अकोटहून, अकोल्याहून माणसं इथं अमरावतीला माझ्या घरी येऊन बसतात, जसं काही मीच तुझा भाऊ. चहा पितात आणि एकच वाक्य बोलतात, "हनीफभाईनं जिंदगीत कोणाले वाकडा शब्द बोलला नाई." खरं आहे. तू सगळ्यांना सोडून दिलंस. पण सोडून दिलेलं कुणीतरी उचलावं लागतं, आणि आयुष्यभर ते मी उचललं. आजही उचलतोय. तुला आवडणार नाही हे माहीत असून लिहितोय. तू आता मध्येच उठून बाहेर जाऊ शकत नाहीस, हा त्यातला फायदा.

तुला आठवतं, तुझ्या अब्बांनी तुला मराठी शाळेत का घातलं होतं? गिऱ्हाईक सगळं मराठी बोलणारं, म्हणून. पोरगा उर्दूत शिकला तर सतरंजी विकणार कशी, असं त्यांचं म्हणणं. त्यामुळं तू माझ्या बाकावर आलास. सातवीनंतर तू मागावर बसलास आणि मी शिकत राहिलो, पुढं अकोल्याला हातमागाच्या सरकारी ऑफिसात चिकटलो. तुझ्या गल्लीतून जाताना दोन्ही बाजूंनी पंज्याचे ठोके ऐकू यायचे. पंजा म्हणजे लोखंडी दातांचा तो फणा, ज्यानं आडवं सूत ठोकून घट्ट बसवतात. लहानपणी मला वाटायचं, तुमच्या गल्लीला छाती आहे आणि ती धडधडते.

मग ती वर्षं आली. कापसाची, किडीची, रोज सकाळी पेपर उघडायची भीती वाटावी अशी. त्या वर्षांबद्दल सगळे बोलतात ते शेतकऱ्यांबद्दल, आणि ते बरोबरच आहे. पण शेतकऱ्याच्या घरी लेकीच्या लग्नात सतरंजी घेणं बंद झालं, शाळांनी आणि देवळांनी प्लास्टिकच्या चटया आणल्या, आणि तुमच्या गल्लीतला एकेक माग निघाला. कुणी रिक्षा घेतली, कुणी भंगाराचं दुकान टाकलं. तुझा पोरगा जावेद नांदगाव पेठच्या कारखान्यात मशीनवर लागला. शेवटी गल्लीत तुझा एकट्याचा माग उरला. त्यावर तू आणि तुझी लेक नसरीन. पोरीचं लग्न बार्शीटाकळीला झालं तरी माहेरी आली की ती आधी मागावर बसायची, मग चहा प्यायची.

त्याच दिवसांत दिल्लीहून माझ्या ऑफिसात तो फोटो आला. जुन्या कचेरीचं म्युझियम होणार, तिथल्या मोठ्या दालनात जमिनीवर एक जुनी प्रचंड सतरंजी आहे, जागोजागी फाटलेली, दुरुस्त करू शकेल असा विणकर कुणाच्या माहितीत आहे का, अशी सगळ्या राज्यांना विचारणा. मी फोटो घेऊन अकोटला आलो. तू तो हातात घेतलास, चष्मा कपाळावर सारलास आणि डोळ्यांच्या अगदी जवळ नेलास. सतरंजीच्या नक्षीकडं तू बघतच नव्हतास. काठ बघत होतास.

"मन्या, हे आपल्या गल्लीतलं हाय."

"कशावरून?"

"काठ पाह्य. गाठ नाई मारली कोठंच. सूत उलटं आत ओढून घेतलं हाय. असं आमीच करतो. दुसरं कोणी करत नाई, कारण याले टाइम लागते."

मग तू ती गोष्ट सांगितलीस जी मी तुझ्या घरी प्रत्येक ईदला ऐकली होती आणि जी तुला स्वतःलाही थाप वाटायची. तुझ्या पडदादांनी, म्हणजे पणजोबांनी, गावाबाहेरच्या मैदानात, घरात मावेना म्हणून उघड्यावर माग मांडून एक सतरंजी विणली होती, लाटसाहेबाच्या कचेरीसाठी. ती गुंडाळून बैलगाड्यांवर घालून अकोल्याच्या स्टेशनात नेली होती.

तू एकटा जायला तयार नव्हतास. मी रजा काढली. हिवाळाभर आपण दिल्लीत होतो.

तिथला पहिला दिवस मला अजून जाळतो. पुढच्या मोठ्या फाटकातून आत जायला लागलो तर पहारेकऱ्यानं हात आडवा घातला. कामगारांनी मागून यायचं. मागचं फाटक म्हणजे जिथून इमारतीचा मलबा बाहेर जायचा ते. तुझ्या हातात कापडात गुंडाळलेला पंजा होता, पडदादांच्या वेळचा. त्यानं तो उघडायला लावला आणि विचारलं, हे हत्यार कशाला? मी भांडायला पुढं झालो. तू माझी बाही धरलीस. "चाल ना बे. दार कोणतंबी असो, आत जाचं हाय."

आणि आत ते दालन. एवढं उंच की आपण दोघं कुजबुजलो तरी आवाज वर जाऊन परत यायचा. जमिनीवर ती. निळी, विटकरी, मळानं काळवंडलेली. तू चपला काढल्यास, मग मोजेही काढलेस, आणि त्या थंडीत अनवाणी तिच्यावरून चालत गेलास, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. पूर्वेकडच्या कोपऱ्यात बसून तू काठावर हात ठेवलास आणि सूत कुठून आत गेलंय ते बोटांनी चाचपत राहिलास. मी विचारलं, काय झालं? तू म्हणालास, "काई नाई. थाप नोहोती ते."

त्या साहेबाची आणि आपली भेट तिथंच झाली. अंगावर उंची शाल, बोलणं मऊ. दालनाच्या सगळ्या जुन्या वस्तूंच्या दुरुस्तीचं काम त्याच्या संस्थेकडं होतं. तो सतरंजीला "दरी" म्हणायचा. तू म्हणालास, "साहब, हमारे इधर दरी मतलब खाई होती है. गिर जाएंगे." तो हसला. माणूस वाईट आहे हे ओळखायला मला उशीर झाला, कारण तो हसायचा छान.

तू त्याला काठ दाखवलास. घरून आणलेला आपल्या सतरंजीचा तुकडा शेजारी ठेवून दाखवलास, सूत कुठून आत जातं, कुठं बाहेर येतं. पडदादांची गोष्ट सांगितलीस. तो वाकून बघत होता. "इंटरेस्टिंग," म्हणाला, "व्हेरी इंटरेस्टिंग." त्यानं वहीत लिहूनही घेतलं. मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं, हनीफ, त्यानं लिहून घेतलं. त्याला माहीत नव्हतं असं कुणी म्हणू नये.

एकदा मंत्रालयातला कुणी मोठा अधिकारी पाहणीला आला. साहेबानं तुझी ओळख करून दिली ती कशी? "ये उस इलाके से हैं, जहाँ किसान आत्महत्या करते हैं." अधिकाऱ्यानं चेहरा दुःखी केला. माझ्या अंगाची लाही झाली. आपण विणकाम करायला आलो होतो आणि आपल्याला मढ्यांच्या मुलखातून आलेले म्हणून दाखवत होते. तू मात्र पंजा खाली न ठेवता म्हणालास, "हौ जी, वहींच के हैं. मगर हम मरने कू नै, मरम्मत करने कू आए." अधिकाऱ्याला कळेना की हसावं की काय करावं. त्या दिवशी तुझा जेवढा अभिमान वाटला तेवढा माझ्या मुलाला नोकरी लागली तेव्हाही वाटला नव्हता.

चांगले दिवसही होते, ते मी विसरलेलो नाही. दुपारी काम थांबवून आपण खिडकीतल्या उन्हात बसायचो, तुझ्या घरून भाभीनं दिलेली जवसाची चटणी दिल्लीच्या जाड रोट्यांना लावून खायचो. एक दिवस सगळे जेवायला गेले होते तेव्हा तू सतरंजीवर मधोमध आडवा झालास, हातपाय पसरून. मी म्हटलं, ऊठ, कुणी बघेल. तू डोळे मिटूनच म्हणालास, "पडदादाच्या आंगणात झोपून राहिलो मी. तुले काहून तरास होते?" मी तुझ्या शेजारी बसून राहिलो. तुझ्या दाढीत सुताचे तंतू अडकले होते. तेवढाच एक तास त्या इमारतीबद्दल माझ्या मनात प्रेम होतं.

शेवटच्या आठवड्यात घाई झाली. उद्घाटनाची तारीख अलीकडं आली आणि साहेब रोज येऊन उभा राहायला लागला. तू पूर्वेच्या कोपऱ्यासाठी आणखी आठ दिवस मागत होतास. दिले नाहीत.

उद्घाटनाच्या दिवशी तू नवी शेरवानी घातली होतीस. फाटकावर नावांची यादी होती. त्यात तू नव्हतास, मी नव्हतो. पहारेकरी तोच, रोज आपल्याला मागून आत सोडणारा, तोही बिचारा मान खाली घालून उभा. आपण रस्त्याच्या पलीकडं झाडाखाली थांबलो. गाड्या येत होत्या. त्यातल्या एकीत तो होता, काच खाली केलेली. त्यानं आपल्याला पाहिलं. तू सलाम करायला हात उचललास. त्यानं काच वर केली.

तू म्हणालास, त्याचं ध्यान नसेल. हनीफ, त्याचं ध्यान होतं.

चार दिवसांनी आपण तिकीट काढून आत गेलो, पुढच्या फाटकातून, लोकांसारखे. सतरंजीभोवती जाड दोर लावला होता. तू काठ बघायला वाकलास तर आतला माणूस ओरडला, "दूर से देखो, चाचा." आणि भिंतीवर पितळी पाटी. इंग्रजीत होती, मी ती तुला वाचून दाखवली. दरी, सुती. उत्तर भारत. कारागीर अज्ञात. खाली, संवर्धन, आणि त्याच्या संस्थेचं नाव, त्याचं नाव.

पुढं मला कळलं की असं का. त्यानं फार पूर्वी एका जाडजूड पुस्तकात लिहून ठेवलं होतं की ही दरी उत्तरेतल्या कुठल्याशा तुरुंगात विणलेली आहे. तुझं नाव लिहायचं तर स्वतःची चूक लिहावी लागली असती. बस, एवढंच. एवढ्यासाठी त्यानं तुझ्या पडदादांनाही अज्ञात केलं आणि तुलाही.

परतीच्या गाडीत आपलं भांडण झालं. डब्यातली माणसं बघायला लागली होती. मी म्हणत होतो, पेपरात देऊ, कोर्टात जाऊ. तू खिडकीबाहेर बघत होतास.

"मन्या, नाव भितीवर हाय. काम जमिनीवर हाय. लोक येऊन कोठं उभे राह्यतेत?"

"दोराच्या बाहेर," मी म्हणालो.

तेव्हा पहिल्यांदा तुझ्या चेहऱ्यावर काहीतरी हललं. पण तू बोललास एवढंच, "जाऊ दे."

मी जाऊ दिलं नाही. दोन वर्षं पत्रं लिहिली, फोटो जोडले, काठाचे, तुकड्याचे. प्रत्येक वेळी एकच उत्तर, आपल्या पत्राची नोंद घेण्यात आली आहे.

आणि मग देवानं, म्हणजे माझ्या देवानं, तुझा असला बदला घेत नसावा, तो माणूस माझ्या दारात आणून टाकला. तोवर मी अमरावतीला राहायला आलो होतो, आणि तिथल्याच एका कॉलेजात त्याचं व्याख्यान ठेवलं होतं. विषय, कापसाची संस्कृती. वऱ्हाडात येऊन कापूस शिकवणार होता! मी अकोटला जाऊन तुझ्या घरून एक छोटा माग, अर्धी सतरंजी चढवलेला, आणि पंजा आणला. भाभीला सांगितलं, शाळेतल्या प्रदर्शनाला पाहिजे. तू बाजारात गेला होतास.

सभागृह भरलं होतं. व्याख्यान संपलं, प्रश्न विचारा म्हणाले. मी उठलो. दोन पोरांकडून माग स्टेजवर ठेवून घेतला. म्हणालो, "साहेब, दिल्लीची ती मोठी सतरंजी आपण दुरुस्त केली, आम्ही पाटी वाचली. आम्हा वऱ्हाडच्या लोकांना चार ओळी विणून दाखवा." त्यानं मला ओळखलं. शाल सावरली. म्हणाला, आम्ही देखरेख करतो, हात कारागिरांचे असतात. मी म्हणालो, "मग त्या कारागिराचं नाव सांगा. एकदाच. माईकवर."

त्यानं माईक तोंडापासून दूर केला. सगळं सभागृह वाट बघत होतं. मागून कुणीतरी ओरडलं, "सांगा ना बाप्पा!" आणि हशा झाला. त्यानं पंजा उचलला, उलटा धरला, आणि सुतावर मारला. सूत तुटलं. मग जो हशा झाला तो मी मरेपर्यंत विसरणार नाही. त्याचे कान लाल झाले होते. संयोजक मला बाहेर काढत होते आणि मी हसत होतो.

तुला सांगायला मी धावत अकोटला आलो. वाटलं, तू मला मिठी मारशील. तू तुटलेलं सूत हातात घेऊन बसलास.

"तो आपल्या मुलखात पाहुणा आला होता," तू म्हणालास.

"पाहुणा? हनीफ, त्यानं तुला..."

"पाहुण्याले घरी बोलावून बेइज्जत करते का कोणी? आन् तेबी माह्या मागावर? मले इचारलं होतं तू?"

"तुझ्यासाठी केलं."

"माह्यासाठी नाई केलं. तुले मजा आली ना? तेवढ्यासाठी केलं."

महिनाभर तू माझ्याशी बोलला नाहीस. खरं सांगू? मला मजा आली होती. आजही येते. त्या उलट्या धरलेल्या पंज्याची आठवण आली की मला झोप चांगली लागते. तू गेल्यावर तरी खोटं कशाला बोलू?

आता ते सांगतो जे तुला सांगितलं नाही.

मागच्या श्रावणात माझ्या पत्त्यावर एक पत्र आलं. तुझा पत्ता त्यांच्याकडं कधी नव्हताच. म्युझियमला नवीन बाई आल्या होत्या, त्यांची सही. त्यांनी जुन्या फायलीतली माझी सगळी पत्रं वाचली होती. लिहिलं होतं की झालं ते चुकीचं झालं, त्याबद्दल त्या माफी मागतात. दालनाचं छत गळलं, सतरंजी भिजली, पूर्वेकडच्या कोपऱ्याचा काठ उसवतो आहे. हनीफ साहेबांनी येऊन तेवढं बघावं अशी विनंती. त्यांच्या नावाची पाटी करायची आहे.

हनीफ साहेब, असं लिहिलं होतं.

मी ते पत्र चार वेळा वाचलं. आणि मला आनंद झाला, पण तुला वाटेल तसला नाही. मला आनंद झाला की ती उसवते आहे. त्यांच्या दालनात, त्यांच्या दोराच्या आत, त्यांच्या डोळ्यांदेखत ती उसवते आहे आणि त्यांना तुझ्याशिवाय कुणी नाही. मी टेबलाशी बसून उत्तर लिहिलं. एका ओळीचं. "हनीफ येऊ शकत नाहीत, आपण आपल्या अज्ञात कारागिराला शोधावे." आयुष्यात मी इतकं चांगलं वाक्य लिहिलं नाही. पाकिटावर तिकीट लावलं आणि त्याच दुपारी पेटीत टाकून आलो.

तुला का नाही दाखवलं? तुझी छाती बिघडली होती, चार पावलांत दम लागत होता, दिल्लीचा प्रवास तुला झेपला नसता. हे कारण मी स्वतःला सांगत आलो. खोटं नाही ते. पण खरं कारण असं की तू गेला असतास. माझ्या खांद्यावर हात ठेवून, दर दहा पावलांनी थांबत, गेला असतास. मागच्या फाटकातूनही गेला असतास. आणि कोपरा नीट करून दिला असतास त्या लोकांना. ते मला बघवलं नसतं.

मग तू इथं अमरावतीच्या दवाखान्यात आलास. नाकाला नळी. मी रोज सकाळी येऊन बसायचो. एका सकाळी तू माझ्याकडं मान वळवलीस.

"मन्या, दिल्लीची काई खबर?"

"कसली खबर?"

"त्या सतरंजीची. मी तो पूर्वेचा कोपरा घाईत बांधला. आठ दिवस देले नाई ना त्यायनं. मले माह्या बोटाले मालूम हाय, तो ढिला रायला." तू श्वास घेतलास. "एकदा जाऊन पाह्यलं पाह्यजे. पडदादाचा काठ चांगला, आन् माहा ढिला. बरं दिसते का ते?"

पत्र माझ्या घरी कपाटात होतं. चालत गेलो असतो तरी अर्ध्या तासात आणलं असतं. मी तुझ्या पायावरची चादर सारखी केली आणि म्हणालो, "सगळं ठीक आहे. काही उसवलं नाही."

तू डोळे मिटलेस. म्हणालास, "मंग बरं."

तिसऱ्या दिवशी तू गेलास.

आपल्या दोघांत खोटं बोलणारा मी, हे तुला शाळेपासून माहीत होतं. गणिताच्या मास्तरांसमोर मी बोलायचो आणि तू माझ्या वाटचा मार खायचास. पण तुझ्याशी मी खोटं बोललो ते हे एकच, आणि ते शेवटचं. त्या माणसानं गाडीची काच वर केली. मी काय केलं? मला दोन्हीतला फरक नीट सांगता येत नाही, आणि त्याचा मला त्या माणसावरच राग येतो. त्यानं सुरुवात केली नसती तर मी इथवर आलो नसतो. बघ, अजून त्याच्यावरच ढकलतोय.

तुझ्या तिसऱ्याच्या फातिहाला अकोटला गेलो तेव्हा पत्र खिशात होतं. माणसं पांगल्यावर जावेदला आणि नसरीनला मागल्या अंगणात बोलावलं आणि हातात दिलं. जावेदनं वाचलं. मी लिहिलेलं उत्तरही सांगितलं, शब्द न शब्द. दवाखान्यातलंही सांगितलं. मला वाटलं होतं, पोरगा माझी गचांडी धरेल. धरायला पाहिजे होती. तो फक्त म्हणाला, "काका, अब्बाले हे वाचून दाखवलं असतं, तर ते दोन दिवस खुश राह्यले असते." आणि आत निघून गेला.

नसरीननं पत्र पुन्हा वाचलं, एकेका ओळीवर बोट ठेवत. मग विचारलं, "पूर्वेचा कोपरा म्हणजे दारातून गेल्यावर कोणता, डावा का उजवा?"

मी म्हणालो, "उजवा."

"मी जातो," नसरीन म्हणाली.

घरात गोंधळ झाला. बार्शीटाकळीची सासरची माणसं, लहान लेकरं, अब्बांना जाऊन तीन दिवस. भाभी इद्दतीत, म्हणजे नवरा गेल्यावर बाईनं घरातच राहायच्या दिवसांत, त्या परक्या माणसांसमोर येत नव्हत्या. पण आतून पडद्याआडून त्यांचा आवाज आला, "जाने दो उसकू." तिथंच वाद मिटला. मीच त्या म्युझियमच्या बाईंना फोन केला. माझं नाव सांगितलं, माफी मागितली नाही. त्यांनीही माझ्या त्या एका ओळीबद्दल काही विचारलं नाही. तुझं कळल्यावर मात्र त्यांनी नसरीनचं नाव दोनदा विचारून लिहून घेतलं.

दहा-बारा दिवसांनी निघायचं ठरलं. मी माझीही बॅग भरली. मला ते दालन, तो रस्ता, ते सगळं माहीत होतं, आणि खरं सांगायचं तर पाटीखाली उभा राहून दोन गोष्टी ऐकवायच्या होत्या. अकोल्याच्या स्टेशनावर नसरीननं मला बाजूला घेतलं. पंजा तिनं तुझ्याच जुन्या कापडात गुंडाळून छातीशी धरला होता.

"काका, तुमी नका येऊ."

"का गं?"

"तुमी भांडान."

मी म्हणालो, नाही भांडणार. ती माझ्याकडं बघत राहिली, तुझेच डोळे, आणि मी नजर खाली घातली. जावेद तिच्याबरोबर गेला. मी फलाटावर बॅग घेऊन उभा राहिलो. या सगळ्यात मला कुणी शिक्षा दिली असेल तर ती तुझ्या लेकीनं दिली, आणि आवाजही न चढवता.

काल दुपारी तिचा फोन आला. म्हणाली, कोपरा सगळा उकलला. अब्बा खरंच घाईत होते, काठाचं सूत तीन ठिकाणी आत ओढलंच नव्हतं. आता ती पहिल्यापासून बांधते आहे, आणि तिनं त्या बाईंना सांगितलं आहे की किती दिवस लागतील ते मी सांगीन, तुम्ही नाही. पुढच्या फाटकातून जाते, गळ्यात नावाचं कार्ड आहे. थंडी फार आहे म्हणाली. जेवण फिकं आहे म्हणाली.

मी ऐकत होतो, पण माझ्या जिभेवर एकच प्रश्न होता, आणि मी तो विचारला. "आणि पाटी? अब्बांची नवी पाटी लावली का? त्या माणसाचं नाव काढलं का खालून?"

पलीकडं ठोके ऐकू येत होते. बहुतेक एका हातात फोन आणि दुसऱ्या हातात पंजा होता तिच्या.

"पाटी पाह्यलीच नाई काका अजून," ती म्हणाली. "आल्यापासून कामालेच बसली हाय."

मी फोन ठेवला. मग उठून दिल्लीच्या गाडीची चौकशी केली. नसरीनला सांगणार नाही. ती काम आटपून परत आली की जाईन, तिकीट काढून, लोकांसारखा. पाटी मी वाचणार आहे, हनीफ, वरपासून खालपर्यंत, आणि त्या माणसाचं नाव अजून तिथं असलं तर गप्प बसणार नाही. तू जाऊ दे म्हणशील. म्हण. मला तुझ्यासारखं होता येत नाही, आणि तू आता माझी बाही धरायला नाहीस.